फेर्नांदो फेर्नान गोमेझ: नट मोठा की लेखक?

कृष्णधवल
स्पॅनिश सिनेमाचा विषय निघाला की आपल्याकडे गाडी बुन्युएल आणि आल्मोदोवार या दोन दिग्दर्शकांच्या स्टेशनांवरच थांबते. मला आज एका तिसऱ्याच माणसाबद्दल बोलायचं आहे. फेर्नांदो फेर्नान गोमेझ, जन्म १९२१, मृत्यू २००७. नट म्हणून दोनशेच्या घरात सिनेमे. शिवाय पटकथाकार, दिग्दर्शक, नाटककार, कादंबरीकार, आणि शेवटी शेवटी स्पॅनिश भाषेच्या राजमान्य अकादमीचा सभासद. १९९८ साली निवड झाली आणि २००० साली त्याने 'बी' अक्षराच्या खुर्चीवर जागा घेतली. नटाला ही खुर्ची मिळणं किती दुर्मिळ आहे ते तिथल्या लोकांना विचारा.

माझं मत आधीच सांगून टाकतो. तो मुळात लेखक होता आणि अभिनय हा त्याचा चरितार्थ होता. नट म्हणून तो उत्तमच आहे, वाद नाही. पण त्याच्यासारखा उत्तम नट स्पेनला दुसराही मिळाला असता. 'लास बिसिक्लेतास सोन पारा एल व्हेरानो' (सायकली उन्हाळ्यासाठी असतात) हे नाटक किंवा 'एल व्हियाहे आ निंगुना पार्ते' (कुठेच न जाणारा प्रवास) या सिनेमाची पटकथा दुसऱ्या कुणाच्या हातून लिहून झाली नसती. ज्यांनी त्याचं काही पाहिलं आहे त्यांनी लिहा. पटत नसेल तर भांडा.

रातराणी
नाव वाचून काहीच आठवलं नाही. फोटो पाहिला आणि लगेच ओळखलं. अरे, हा तर 'एल एस्पिरितू दे ला कोल्मेना'मधला मधमाश्या पाळणारा बाप!

मुळाकाठ
रातराणी, तोच. आणि त्याच सिनेमाच्या जोरावर मी धागाकर्त्याशी भांडणार आहे.

व्हिक्तोर एरिसेचा हा १९७३ चा सिनेमा आमच्या फिल्म क्लबात दाखवला होता. १९४० च्या सुमाराचं कास्तीयमधलं एक गाव, स्पेनमधलं यादवी युद्ध नुकतंच संपलेलं. लहानगी आना फिरत्या सिनेमात फ्रँकन्स्टाइन पाहते आणि तो राक्षस तिच्या मनात घर करतो. सगळे बोलतात तिच्या डोळ्यांबद्दल, आणि आना तोर्रेंतचे ते डोळे आहेतच तसे. पण त्या घरातला बाप बघा. जेमतेम काही वाक्यं आहेत त्याला. रात्री काचेच्या पोळ्यातल्या माश्यांविषयी वहीत लिहीत बसतो आणि तिथेच टेबलावर झोपी जातो. मुलींना घेऊन आळंबी शोधायला जातो, कुठलं खायचं आणि कुठलं विषारी ते शिकवतो, आणि एक विषारी आळंबी बुटाखाली चिरडतो. हा माणूस युद्धात कुणाच्या बाजूने होता, काय गमावून बसला, हे सिनेमा सांगत नाही. आपल्याला ते त्याच्या खांद्यांवरून कळतं.

आता सांगा, यात लेखक कुठे आहे? पटकथा एरिसे आणि आन्खेल फेर्नान्देझ सान्तोस यांची. फेर्नान गोमेझने यात फक्त स्वतःचं अंग, चाल आणि गप्प बसणं दिलं आहे. हे काम चरितार्थासाठी केलेलं वाटत नाही.

तिसरी_घंटा
मुळाकाठ यांच्याशी सहमत, पण माझं कारण निराळं. त्याचा जन्म कसा झाला ते आधी बघू.

आई कारोला फेर्नान गोमेझ नटी होती. कंपनीचा दौरा दक्षिण अमेरिकेत चालू असताना पेरूमधल्या लिमा शहरात हा जन्मला. नोंद झाली बुएनोस आयरेसला, त्यामुळे कागदोपत्री आर्जेंटिनाचा नागरिक. स्पॅनिश नागरिकत्व मिळालं थेट १९८४ मध्ये, म्हणजे चाळीस वर्षं स्पॅनिश पडदा गाजवून झाल्यावर! वडीलही नटच, आणि तेही मारिया गेरेरोचा मुलगा. मारिया गेरेरो म्हणजे त्या काळची स्पॅनिश रंगभूमीची सम्राज्ञी. माद्रिदमध्ये आजही तिच्या नावाचं नाट्यगृह आहे. तिने हे लग्न होऊ दिलं नाही. म्हणून मुलाला आडनाव आईचं. आई दौऱ्यावर, मूल माद्रिदला आईच्या आईपाशी.

असा मुलगा लेखक होऊन मग नट झाला असं म्हणताच येत नाही. तो विंगेतच जन्मला. युद्ध संपल्यावर एन्रीके हार्दिएल पोंसेलासारख्या मोठ्या विनोदी नाटककाराने या उंच, लाल केसांच्या, जरा ओबडधोबड पोराला कंपनीत घेतलं. १९४३ पासून सिनेमात. लिहायला लागला तो हे सगळं पोटात घेऊन.

'एल व्हियाहे आ निंगुना पार्ते' तर पूर्ण त्याच मातीतला आहे. फिरती नाटक कंपनी, कास्तीयच्या उजाड पठारावरची खेडी, आज इथे प्रयोग, उद्या तिथे. सामानाच्या पेट्या, बायकापोरं, उपास, प्रेमप्रकरणं सगळं बरोबर. आणि मागून सिनेमा येतोय. फिरता प्रोजेक्टर घेऊन एक माणूस गावोगाव हिंडतो आणि हे ज्या गावात पोचतात तिथे तो आधीच बसलेला. आधी ही रेडिओ मालिका होती, मग १९८५ ला कादंबरी आली, १९८६ ला सिनेमा. तिन्ही त्याचंच. १९८७ साली गोया हे स्पॅनिश सिनेमाचे पुरस्कार सुरू झाले, तेव्हा पहिल्याच वर्षी सर्वोत्कृष्ट सिनेमा, दिग्दर्शन आणि पटकथा याच सिनेमाला. शिवाय 'माम्ब्रू से फुए आ ला गेर्रा'साठी सर्वोत्कृष्ट नटही तोच. आणि समारंभाला हा गेलाच नाही.

वाईकर_काका
तिसरी_घंटा, तुम्ही लिहिलेलं वाचून आमच्या आजोबांचं बोलणं आठवलं. बोलपट आल्यावर नाटक मंडळ्या कशा बसल्या हे ते पोटतिडकीने सांगायचे. १९३२ ला 'अयोध्येचा राजा' आला आणि पुढच्या काही वर्षांत मोठमोठ्या मंडळ्यांचे पडदे, मखमली, मुकुट लिलावात गेले. तिकडच्या नटांचंही तेच झालं म्हणायचं.

कृष्णधवल
काका, बरोबर, पण एक मोठा फरक आहे. आपल्या मंडळ्या शहरांत मोठ्या थिएटरांत खेळत आणि त्यांच्यातले बरेच नट बोलपटात गेलेही. या सिनेमातले गाल्व्हान कुटुंबवाले खेड्यातल्या कॅफेच्या मागच्या खोलीत नाटक करणारे. त्यांच्याकडे लिलाव करण्यासारखं काही नाहीच. वर काळ हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीतला. कुठल्या गावात प्रयोग करता येईल हे तिथला पाद्री आणि पोलीस ठरवणार.

प्राजक्ता_स
'ला लेंग्वा दे लास मारिपोसास' कुणीच कसा काढला नाही? मला तो फक्त तेवढ्यासाठी माहीत आहे. गालिसियातलं गाव, १९३६, म्हातारा मास्तर डॉन ग्रेगोरियो (डॉन म्हणजे आपलं श्रीयुत) आणि शाळेला घाबरणारा छोटा मोंचो. मास्तर मुलांना रानात नेऊन फुलपाखराची गुंडाळलेली सोंड दाखवतात. वर्गात कधी हात उगारत नाहीत, आवाज चढवत नाहीत. मुलं दंगा करायला लागली की खिडकीशी जाऊन बाहेर बघत उभे राहतात, आणि त्या गप्प पाठीमुळेच वर्ग शांत होतो. मी शिक्षिका आहे. तो प्रसंग मी किती वेळा मनात घोळवला असेल! आणि शेवट तर...

अवली_शिंपी
प्राजक्ताताई, शेवट सांगू नका! याच शनिवारी बघणार आहे.

प्राजक्ता_स
नाही सांगत. पण रुमाल जवळ ठेव.

सुनीता_माद्रिद
धागा वाचून फार बरं वाटलं. मी इथे माद्रिदमध्ये राहते. कोलोन चौकातलं 'तेआत्रो फेर्नान गोमेझ' माझ्या रोजच्या वाटेवर आहे. पण इथल्या तरुण मुलांना विचाराल तर बहुतेकांना तो एका व्हिडिओतून माहीत असतो. पुस्तकावर सही मागायला आलेल्या एका चाहत्यावर तो भडकतो आणि त्या खर्जातल्या आवाजात त्याला हाकलून लावतो. ती अर्ध्या मिनिटाची फीत लाखोंनी बघितली. मला याचं मनापासून वाईट वाटतं. ज्या माणसाचं बोलणं ऐकायला लोक कॅफे हिखोनमध्ये रात्र रात्र बसायचे, त्याची ओळख एका वैतागावर येऊन थांबावी? ज्यांना स्पॅनिश येतं त्यांनी 'ला सिय्या दे फेर्नांदो' हा २००६ चा माहितीपट जरूर पाहावा. दाविद त्रुएबा आणि लुईस आलेग्रे यांनी त्याला खुर्चीत बसवून नुसतं बोलतं केलं आहे. तो खरा फेर्नान गोमेझ.

त्याच कॅफेतल्या बैठकांतून १९४९ साली त्याने लघुकादंबरीसाठी एक पारितोषिक सुरू केलं. 'कॅफे हिखोन पारितोषिक' अजून चालू आहे. तेव्हा तो अठ्ठावीस वर्षांचा, नट म्हणून नुकता कुठे नाव कमावत होता. कृष्णधवल यांच्या बाजूने हा पुरावा धरा. सिनेमात मिळवलेला पैसा साहित्याकडे वळवणारा माणूस तो.

आणि 'बिसिक्लेतास'बद्दल थोडं. हे नाटक त्याने १९७७ ला लिहिलं. फ्रँको जाऊन दोन वर्षं झालेली. लोपे दे व्हेगा पारितोषिक मिळालं, पण रंगमंचावर यायला १९८२ उजाडलं. १९३६ चा उन्हाळा, माद्रिद, लुईस नावाच्या मुलाला सायकल हवी आहे. परीक्षेत नापास झालाय म्हणून बाप म्हणतो, थांब. मग युद्ध येतं. पुढे तीन वर्षं वेढ्यातलं शहर, पण रणांगण एकदाही दिसत नाही. सगळं घरात. माझा सर्वात आवडता प्रवेश मसुरीचा. घरात खायला दुसरं काही उरलेलं नाही, पातेल्यात मसूर शिजते आणि रोज ताटात येईपर्यंत कमी भरते. चोर कोण? चौकशी सुरू होते आणि एकेक जण कबूल करतो की येता-जाता मी फक्त एक चमचा घेतला. मुलगी, मुलगा, बाप, आई, सगळेच. प्रेक्षक आधी हसतात आणि मग एकदम गप्प होतात. मी नाट्यगृहात हे अनुभवलं आहे.

वाईकर_काका
वा! एक चमचा मसूर आणि त्यात अख्खं युद्ध. हे मराठीत व्हायला हवं. झालंय का कुणाला माहीत?

मुळाकाठ
सुनीताताई, शेवटाकडचं ते वाक्यही लिहा ना.

सुनीता_माद्रिद
युद्ध संपतं. मुलगा म्हणतो, आता शांतता आली. बाप म्हणतो, "शांतता नाही आली, लुइसितो. विजय आलाय."

इथे हे वाक्य लोकांना तोंडपाठ आहे. लक्षात घ्या, १९३६ साली फेर्नान गोमेझ स्वतः पंधराव्या वर्षात, माद्रिदमध्येच होता. वेढा, उपासमार, बॉम्बहल्ले सगळं त्याने त्या मुलाच्या वयात पाहिलं.

कृष्णधवल
माझा मुद्दा याहून चांगला मला मांडता आला नसता. आणि अजून एक बघा. १९८४ ला हाइमे चाव्हारीने याचा सिनेमा केला. बापाचं काम आगुस्तिन गोन्सालेझने केलं, रंगमंचावरही त्यानेच केलं होतं. म्हणजे ज्या भूमिकेसाठी कुणीही नट जीव टाकेल, ती स्वतः लिहून या माणसाने दुसऱ्याला दिली.

खिडकीजवळचा
मी जरा विरोधी सूर लावतो. तुम्ही सगळे त्याची आठ-दहा रत्नं मोजताय. बाकी दोनशे सिनेमांचं काय? त्यातले कितीतरी सुमार विनोदी सिनेमे आहेत, आणि १९५० च्या आसपासचे काही तर सरळ राजवटीला सोयीचे. 'बोतोन दे आन्क्ला'मध्ये नौदलाचा कॅडेट, १९५१ च्या 'बालारासा'मध्ये सैनिकाचा पाद्री होणारा नायक. आणि मंडळी, १९४८ च्या 'ला मिएस एस मुचा'मध्ये तो चक्क भारतात आलेला स्पॅनिश मिशनरी आहे! आपला देश तिथे स्पॅनिश नटांनीच उभा केलाय. कितीही मोठा लेखक असो, ही कामं का केली हा प्रश्न विचारायलाच हवा. ज्याच्या शवपेटीवर पुढे अराजकतावाद्यांचा लाल-काळा झेंडा पसरला गेला, त्याने तरुणपणी फ्रँकोच्या काळात पाद्री रंगवावेत?

रातराणी
भारतात मिशनरी?! हा सिनेमा कुठे मिळेल? आत्ताच्या आत्ता बघायचा आहे.

तिसरी_घंटा
खिडकीजवळचा, प्रश्न रास्त आहे, पण काळ बघा. हरलेल्या शहरातला अठरा वर्षांचा मुलगा. समोर पर्याय कोणते? एक तर काम सोडायचं, नाही तर मिळेल ते करायचं. आणि त्याच वर्षांत त्याने दुसरी कामंही केली आहेत. १९५१ ला बार्देम आणि बेर्लांगा या दोन नवख्या पोरांचा पहिला सिनेमा 'एसा पारेखा फेलिझ', त्यात नायक हाच. १९५७ चा 'एल इन्किलीनो' घ्या. राहती इमारत पाडायला घेतली आहे आणि चार पोरांचा बाप माद्रिदभर घर शोधत फिरतोय. गृहनिर्माण मंत्रालयाला तो इतका झोंबला की सिनेमा मागे घ्यायला लावला आणि शेवट बदलून घेतला. पाद्री रंगवून मिळालेलं नाव त्याने अशा ठिकाणी खर्च केलं. मला तरी यात कमीपणा दिसत नाही.

कृष्णधवल
यात भर घालतो, कारण माझ्या जिवाभावाचा भाग इथे येतो.

१९५० च्या दशकात तो दिग्दर्शनाकडे वळला. १९५८ चा 'ला व्हिदा पोर देलान्ते' हलकाफुलका आहे. नवरा वकील, बायको डॉक्टर, दोघांकडे पदव्या आणि राहायला घर नाही. त्यात अपघाताची साक्ष द्यायला एक तोतरा माणूस येतो. काम पेपे इस्बेर्तचं. तो अडखळत सांगतो आणि पडद्यावरचं दृश्यही तसंच अडखळतं, गाडी पुढे येते, मागे जाते, पुन्हा येते. १९५८ साली, हातात फारसे पैसे नसताना हे सुचलं आणि जमवलं. सिनेमा चालला.

मग त्याने स्वतःला हवे तसे दोन सिनेमे केले आणि दोन्ही पुरले गेले.

१९६३ चा 'एल मुंदो सिगे'. झुन्झुनेगीच्या कादंबरीवरून पटकथा त्याचीच. माद्रिदच्या एका चाळवजा इमारतीतलं कुटुंब, दोन सख्ख्या बहिणी एकमेकींचा जीव जाईपर्यंत द्वेष करणाऱ्या. एक गरिबीत नवऱ्याच्या मुलांना सांभाळत खंगते, दुसरी श्रीमंत पुरुषांच्या आधाराने वर चढते. जिन्यावरून चढणारी दमलेली आई सिनेमाभर दिसत राहते. सेन्सॉरने छळलं, वितरक मिळेना. १९६५ ला बिल्बाओत जेमतेम दाखवला गेला आणि मग गायब. नीट प्रदर्शित झाला २०१५ च्या उन्हाळ्यात. तोवर तो जाऊन आठ वर्षं झाली होती.

१९६४ चा 'एल एस्त्रान्यो व्हियाहे' मूळच्या एका खऱ्या गुन्ह्यावरून सुचलेला. गावातल्या एका अंधाऱ्या घरात तीन अविवाहित भावंडं, मोठी बहीण हुकूमशहा, बाकी दोघं वयाने मोठी असूनही लहान मुलांसारखी घाबरलेली. तो पोचला १९६९ ला, कुणाला पत्ता न लागता. आज समीक्षक सर्वोत्तम स्पॅनिश सिनेमांच्या यादीत त्याला हमखास वर ठेवतात. हे ज्या माणसाने केलं, त्याला पुढची वर्षं पुन्हा मिळेल ती नटाची कामं करावी लागली. मला याचा आजही राग येतो. आणि म्हणूनच 'दोनशे सिनेमांचा नट' एवढीच ओळख मला पुरत नाही.

खिडकीजवळचा
राग समजला, आणि 'एल मुंदो सिगे' यादीत टाकला. पण यावरून तुझं म्हणणं सिद्ध होत नाही. तू तर दिग्दर्शकाची बाजू मांडलीस, लेखकाची नाही. 'एल एस्त्रान्यो व्हियाहे'ची पटकथा पेद्रो बेल्त्रान आणि मान्युएल रुईझ कास्तिय्यो यांची आहे.

अवली_शिंपी
पॉइंट आहे. :)

मुळाकाठ
आणि नट म्हणून परदेशात त्याला काय मिळालं तेही नोंदवा. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट नटाचं 'रौप्य अस्वल' पारितोषिक दोनदा. १९७७ ला 'एल आनाकोरेता', ज्यात एक माणूस वर्षानुवर्षं आपल्या न्हाणीघरातून बाहेरच पडत नाही आणि बाहेरच्या जगाला संडासातून चिठ्ठ्या सोडतो. १९८५ ला 'स्तिको', ज्यात रोमन कायद्याचा कफल्लक म्हातारा प्राध्यापक आपल्या जुन्या विद्यार्थ्याला म्हणतो, मला गुलाम म्हणून ठेवून घे, फक्त जेवू घाल. या दोन कल्पना नुसत्या ऐकायला विचित्र वाटतात. त्या खऱ्या वाटतात कारण तो त्या माणसांची थट्टा करत नाही. न्हाणीघरात राहणारा माणूस तो एखाद्या कारकुनासारखा नीटनेटका, कामात गढलेला करतो.

आल्मोदोवारच्या 'तोदो सोब्रे मि माद्रे'मध्ये तो काही मिनिटंच आहे. पेनेलोपे क्रूझचा स्मृती गेलेला बाप, कुत्र्याला फिरवायला निघालेला. स्वतःच्या मुलीला ओळखत नाही, तिला वय आणि उंची विचारतो. एवढंच. मी तो सिनेमा आठवतो तेव्हा आधी तो प्रसंग येतो.

प्राजक्ता_स
'बेल एपोक'मधला चार मुलींचा चित्रकार बापही तोच ना? त्याला ऑस्कर मिळालं होतं.

मुळाकाठ
हो, तोच. ऑस्कर सिनेमाला, परभाषिक गटातलं.

तिसरी_घंटा
मूळ प्रश्नाकडे येते. कृष्णधवल, तुझ्याच लाडक्या 'एल व्हियाहे आ निंगुना पार्ते'मधला तो प्रसंग आठव. फिरत्या कंपनीचा म्हातारा प्रमुख डॉन आर्तुरो, काम फेर्नान गोमेझचंच. सिनेमावाले गावात शूटिंगला आलेत आणि त्याला एक छोटंसं काम मिळतं. एवढासा संवाद. पण आयुष्यभर शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवलेला नट, त्याला साधं बोलताच येत नाही. दिग्दर्शक सांगतो, हळू, नेहमीसारखं बोला. पुन्हा तोच मोठा आवाज, तेच हातवारे. पुन्हा, पुन्हा. युनिटमधले हसतात, मग वैतागतात. शेवटी त्याला बाजूला करतात.

हा प्रसंग लिहिण्यासाठी विंगेत जन्मलेला नट लागतो. आणि करायला? वाईट अभिनय करणारा म्हातारा नट करून दाखवायचा, तोही स्वतःच्या दिग्दर्शनाखाली, आणि आपल्याला त्या माणसाचा आदर वाटत राहिला पाहिजे. हे मला दुसऱ्या कुणाकडून होईलसं वाटत नाही. तू म्हणालास की असा नट स्पेनला दुसरा मिळाला असता. या प्रसंगापुरतं तरी नाव सांग.

कृष्णधवल
या प्रसंगाला माझ्याकडे नाव नाही. पण तू मला लेखनाचाच दाखला देते आहेस हेही बघ. तो त्या पानावर आधी लिहिलेला होता, कादंबरीत.

तिसरी_घंटा
पानावर तो आवाज नाही. मी माझं म्हणणं सोडत नाही.

सुनीता_माद्रिद
दोघांनाही 'एल तिएम्पो आमारिय्यो' वाचायला सुचवते, त्याच्या आठवणी. १९९० ला आल्या, पुढे १९९८ ला वाढवून. त्यात तो पैसे, कंत्राटं, पडलेली नाटकं, बायका, भीती या सगळ्याबद्दल बोलतो, आणि पुस्तक जाडजूड असूनही हातातून सुटत नाही. शब्दकोश घेऊन वाचण्याइतकं स्पॅनिश ज्यांना येतं त्यांनाही जमेल, भाषा स्वच्छ आहे.

अवली_शिंपी
'ला लेंग्वा दे लास मारिपोसास' पाहिला. प्राजक्ताताई, रुमाल पुरला नाही. शेवटाबद्दल अजूनही लिहीत नाही, बाकीच्यांनी बघायचा असेल. पण मास्तरांच्या निरोप समारंभातलं ते भाषण ऐकताना मला एकदाही वाटलं नाही की हे कुणीतरी लिहून दिलेलं बोलतायत. तेव्हा माझं मत नटाला.

वाईकर_काका
माझं मसुरीला, म्हणजे लेखकाला. आणि ज्याला कुणाला स्पॅनिश आणि मराठी दोन्ही येतं त्याने ते नाटक मराठीत आणायचं मनावर घ्या. वाचनाचा प्रयोग आमच्या वाचनालयात करू. हॉल मी मिळवून देतो.

सुनीता_माद्रिद
काका, मसुरीच्या प्रवेशाचा कच्चा मराठी खर्डा मी करून बघते. संवाद बोलायला कसे वाटतात ते तिसरी_घंटा यांनी तपासावेत. हक्कांचं काय ते इथे चौकशी करून कळवते.